सोलापुरात स्वस्तातली एमटीबी (माउंटन बाइक) : वर्षभराच्या वापरानंतर

दुकानात गिऱ्हाईक आधी पुढचा शॉकअप दाबून बघतं आणि दुकानदारही तोच दाबून दाखवतो. विजापूर रोड, हिप्परग्याचा तलाव, अधूनमधून पार नान्नजपर्यंत अशी वर्षभर सायकल हाणल्यावर माझं मत पक्कं झालंय : या किमतीत शॉकअप सगळ्यात शेवटी बघावा. आत साधी लोखंडी स्प्रिंग. वजन दोन किलोंच्या वर. लॉकआउट (शॉकअप दबू न देणारी कळ) असेल तर बरं, डांबरी रस्त्यावर मी तो लॉकच ठेवतो. आपल्याकडची धूळ शॉकअपच्या रबरी सीलवर साचते, म्हणून फडकं मारायचं तेवढं चुकवू नका.

खरं बघायचं ते मागचं चाक. 21 गिअरच्या सायकलींना मागे बहुतेक सात दातेरी चकत्यांचं, आट्यांवर बसणारं फ्रीव्हील (चकत्या आणि मोकळं फिरणारी यंत्रणा एकत्र असलेला गठ्ठा) असतं. त्यात उजवं बेअरिंग हबच्या (चाकाच्या मधल्या तुंब्याच्या) आत राहतं, त्यामुळे त्या बाजूचा एक्सल (आस) आधाराविना लांब सुटतो. अंगानं भारी माणूस खड्ड्यात आदळत राहिला की तो वाकतो. कॅसेट (हबच्याच फिरत्या भागावर सरकवलेल्या चकत्या) असेल तर बेअरिंग पार टोकाजवळ येतं आणि ही भानगड मिटते. मागच्या चकत्या मोजा. आठ असल्या तर बहुधा कॅसेटच, तरी विचारून घ्या. 21 आकड्याला भुलू नका, त्यातले कितीतरी गिअर एकमेकांसारखेच पडतात. सोलापूर सपाट आहे. पुढची मधली चकती आणि मागच्या सात, एवढ्यावर माझं सगळं भागतं.

मागचा डिरेलर (साखळी एका चकतीवरून दुसरीवर नेणारा भाग) ज्या पट्टीला लटकतो ती हँगरपट्टी बदलता येणारी हवी. सायकल उजव्या अंगावर पडली की पहिली तीच वाकते. अ‍ॅलॉय फ्रेमला ती सलग असली तर थेट फ्रेमवरच बेततं.

तारेचे डिस्क ब्रेक (हबवरची चकती पॅडनं दाबणारे) मला पुरले. त्यात बऱ्याचदा एकच पॅड हलतो, दुसरा जागेवर असतो. म्हणून नुसती तार ताणून उपयोग नाही, आतला, म्हणजे न हलणारा, पॅडही अ‍ॅलन की (षटकोनी पाना) घालून डिस्कच्या जवळ आणावा लागतो. चर्र आवाज आला की आधी तेच बघा. पावसाळ्यात काळ्या रानातून गेलं की चिखल रिमला थापला जातो, तेव्हा रिमवरच्या ब्रेकपेक्षा डिस्कच बरी.

पण सोलापुरात खरा वैताग काट्यांचा. बाभूळ आहेच, त्यात सराटे. टायरच्या आत लायनर (काटे अडवणारी पट्टी) टाकला, तेव्हा कुठे पंक्चर कमी झाले. पंक्चर काढून झाल्यावर टायरमधून आतल्या बाजूनं कापसाचा बोळा फिरवायचा. जिथं कापूस अडकेल तिथं काट्याचं टोक राहिलेलं असतं. ते पकडीनं बाहेरून उपसायचं आणि मगच ट्यूब आत घालायची, नाहीतर चौकापर्यंतही पोचत नाही.