निळू फुलेंसाठी घेतलं सबस्क्रिप्शन, वसूल झालं

जुन्या मराठी सिनेमांचं एक अ‍ॅप घेतलं ते निव्वळ निळूभाऊंसाठी. १९६८ च्या 'एक गाव बारा भानगडी'पासून सुरुवात केली, पण खरा माल म्हणजे १९७५ चा 'सामना', त्यातला हिंदुराव धोंडे पाटील बघा, आवाज न चढवता नुसत्या नजरेनं आणि त्या घोगऱ्या आवाजानं समोरच्याला गार करतो, आणि समोर कोण तर डॉ. लागू! 'बाई, वाड्यावर या' टाइपच्या मिमिक्रीत माणूस अडकवलाय लोकांनी, प्रत्यक्षात राष्ट्र सेवा दलाचा साधा कार्यकर्ता, आधी माळीकाम केलेला. हिंदी 'सारांश'मधला राजकारणीही चुकवू नका. प्रिंट ठीकठाक, साउंड मात्र भिकार, हेडफोन लावाच. चार स्टार.