इंदूरची मंगळवारची जनसुनवाई: तक्रारीला चांगली, नोटिशीला नाही

दर मंगळवारी 11 ते 1 कलेक्टर ऑफिसात जनसुनवाई (अधिकाऱ्यांनी लोकांच्या तक्रारी थेट ऐकण्याची बैठक) असते. फी नाही, वकील नको, साध्या कागदावरचा अर्ज चालतो. अडकलेलं नामांतरण (मालकाच्या नावाची नोंद बदलणं), बंद पडलेली पेन्शन, तुंबलेलं ड्रेनेज अशा कामांना ही सोय खरोखर चांगली आहे. अर्जाच्या दोन प्रती न्या आणि आपल्या प्रतीवर आवक क्रमांक व शिक्का घेतल्याशिवाय निघू नका. पुढे पाठपुरावा करताना तोच क्रमांक कामी येतो.

बांधकामावर नगर निगमची (महापालिकेची) नोटीस आली असेल, तर मात्र इथे रांग लावून भागत नाही. अर्ज शेरा मारून बहुधा ज्या शाखेनं नोटीस काढली तिच्याकडेच जातो, आणि मुदत तोवर संपत असते. लोक इथेच फसतात: साहेबांनी ऐकून घेतलं, म्हणजे सुनावणी झाली असं धरून चालतात. ती झालेली नसते.

सुप्रीम कोर्टाच्या 13 नोव्हेंबर 2024 च्या निकालानुसार पाडकामाआधी किमान 15 दिवसांची नोटीस रजिस्टर्ड पोस्टानं यायला हवी आणि घरावरही चिकटवायला हवी. हे दिवस नोटीस हातात पडल्यापासून मोजायचे, म्हणून पाकीट फेकू नका. त्यावरचा पोस्टाचा शिक्का हा पुरावा आहे. नेमकं उल्लंघन कोणतं, कागद कोणते आणायचे, सुनावणी कधी आणि कोणापुढे, हे सगळं नोटिशीत हवं. नसेल तर जबाबात पहिली हरकत हीच घ्या. रस्ता, फुटपाथ, नदीकाठ अशा सार्वजनिक जागेवरच्या अतिक्रमणाला आणि कोर्टानंच पाडायला सांगितलेल्या बांधकामाला मात्र हे संरक्षण नाही.

जबाब लेखीच द्या. नोटीस क्रमांक आणि मध्य प्रदेशच्या नगर पालिक निगम कायद्याचं कलम (अनधिकृत बांधकामाला बहुतेक वेळा 307, जर्जर घराला 310) वर लिहा. मंजूर नक्शा, परवानगी आणि रजिस्ट्री जोडा. संपत्ती कराच्या पावतीवर विसंबू नका, तिनं बांधकाम मंजूर ठरत नाही. 310 असेल तर स्वतःच्या स्ट्रक्चरल इंजिनियरचा अहवाल लावा. निगमनं केलेल्या मोजमापाची प्रत मागा. आक्षेप फूट-इंचांत घेतला तरच त्याला वजन येतं.

सुनावणीत तोंडी काय बोललात ते कार्यवृत्तात (सुनावणीच्या लेखी नोंदीत) आलंच पाहिजे, तिथल्या तिथे वाचून घ्या. आदेशात तुमचे मुद्दे, ते न मानण्याची कारणं, कंपाउंडिंग (शुल्क भरून बांधकाम नियमित करणं) होऊ शकतं की नाही, आणि पाडण्याशिवाय मार्ग का नाही, हे लिहिलेलं असायला हवं. नुसतं 'जबाब असमाधानकारक' चालत नाही.

आदेशानंतर आणखी 15 दिवस मिळतात. ते पुढच्या मंगळवारची वाट पाहण्यात घालवू नका. अपील किंवा स्थगितीसाठी वकील आधी पाकीट, जबाबाची पोच आणि कार्यवृत्त मागेल.