कूलरचं घर की एसीचं घर?

भाच्याने बेसा रोडला प्लॉट घेतला. नकाशा घेऊन आला आणि बसायच्या आधीच विचारलं, "मावशी, एसी दीड टनाचा पुरेल की दोनचा लागेल?" मी विचारलं, "खिडक्या सरकत्या आहेत की पल्ल्याच्या, दारासारख्या पूर्ण उघडणाऱ्या?" तो बघतच राहिला. पण नागपुरात घर बांधणाऱ्याने सुरुवात इथूनच करावी. कूलरला घर उघडं लागतं, एसीला बंद. दोघांसाठी एकच खोली बांधली की ती धड कोणाच्याच कामाची राहत नाही.

हे मी भोगून शिकले. महाल या जुन्या वस्तीतल्या जाड भिंतींच्या घरातून आम्ही फ्लॅटमध्ये आलो, त्या वर्षी होळी झाल्यावर नेहमीसारखा कूलर काढला, ताट्या (ज्यांवर पाणी पडून हवा गार होते त्या बाजूच्या गवती जाळ्या) बदलल्या आणि खिडकीला लावला. रात्री दहापर्यंत चादर चिकट, पापडाचा डबा उघडावा तर पापड मऊ. कूलर खराब म्हणून मेकॅनिकला बोलावलं. त्याने कूलरला हातही लावला नाही, सरळ स्वयंपाकघराचं मागचं दार उघडलं. दोन मिनिटांत तिथला पडदा बाहेरच्या बाजूला फुगला आणि हॉलमध्ये गार वाटायला लागलं. हवा आत येत होती, बाहेर जायला वाट नव्हती. तेव्हापासून माझी परीक्षा ठरलेली: कूलर लावा आणि समोरचा पडदा बघा. तो बाहेर फुगला तर घर कूलरचं.

आता मशीनकडे. मे महिन्यात दुपारी ४३ अंश तापमान आणि पंधरा टक्क्यांच्या आसपास आर्द्रता असेल, तर चांगल्या ताट्यांतून येणारी हवा २७-२८ अंशांपर्यंत उतरते. पाण्याची वाफ व्हायला उष्णता लागते, ती त्याच हवेतून जाते. हवा जितकी कोरडी तितकं काम जास्त. वाळ्याचे पडदे दारावर सोडून पाणी शिंपडणारे लोक हेच करत होते, फक्त त्यांच्याकडे मोटर नव्हती. २३ मे २०१३ ला इथे ४७.९ अंशांची नोंद झाली. असल्या कोरड्या दिवसांत कूलर सगळ्यात जास्त उपयोगी पडतो.

आणि जुलैत? बाहेर ३१ अंश, आर्द्रता ऐंशी टक्के. तोच कूलर आता जेमतेम दोन-अडीच अंश उतरवतो, वर ओल्या वाऱ्याचा वास. म्हणजे लोक ज्या मे महिन्यासाठी एसी घेतात, त्यात कूलर भागवून नेतो. एसीची खरी गरज पाऊस सुरू झाल्यावर, उघडीप पडून घामाच्या धारा लागतात तेव्हा. हे आमच्याकडे कोणी मानत नाही, पण एकदा करून बघा.

खर्चाचं सांगायचं तर मोठा डेझर्ट कूलर पंपासकट दोनशे वॉटच्या आसपास, दीड टनाचा एसी पूर्ण जोरात चालला की दीड हजारापर्यंत. लाइट गेली तर घरच्या इन्व्हर्टरवर कूलर चालेल, एसीचं विसरा. उलट कूलर भर दुपारी तासाला दहा-पंधरा लिटर पाणी सहज पितो. बोअरचं पाणी असेल तर क्षार साचून ताट्या दगड होतात. टाकी आठवड्याला रिकामी करून घासली नाही तर डेंग्यूचे डास घरातच पाळल्यासारखं. वयस्कर माणसं एकटी राहत असतील तर कूलरचं हे काम त्यांच्याकडून होत नाही. तिथे मी निमूट एसी म्हणते. मात्र एसीची क्षमता बाहेर ३५ अंश धरून मोजतात. पश्चिमेच्या भिंतीवर उन्हात टांगलेल्या बाहेरच्या युनिटकडून ४५ अंशांत तेवढीच अपेक्षा धरू नका. ते सावलीतच हवं.

कूलरच्या खोलीला पल्ल्याच्या खिडक्या हव्यात. सरकती खिडकी अर्धीच उघडते. कूलर उत्तरेला किंवा पूर्वेला, आणि समोरच्या बाजूला दोन फूट बाय दोन फुटांची तरी हवा जायची वाट. एसीची खोली लहान, फटी बुजवलेली, काच कमी. सिव्हिल लाइन्समधल्या बंगल्यांसारखं उंच छत आणि झरोके कूलरला छान, एसीला तोटा.

छताचं मात्र दोन्हीकडे सारखंच, आणि पैसे आधी तिथे घाला. नागपूर २१ अक्षांशावर, त्यामुळे मेच्या शेवटच्या आठवड्यात दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर येतो. नवतपा, म्हणजे उन्हाळ्यातले सगळ्यात तापणारे नऊ दिवस, नेमका तेव्हाच. भिंतींपेक्षा स्लॅब जास्त तापतो आणि ती धग रात्री खाली सोडतो. रात्री नऊला पंखा लावला की वरून भट्टीचा वारा येतो तो हाच. कवेलूच्या (कौलारू) घरात फटींतून गरम हवा निघून जायची, स्लॅबला ती सोय नाही. म्हणून गच्चीवर पांढरा चायना मोझॅक (चिनी मातीच्या फरशीचे तुकडे), किंवा निदान दरवर्षी चुना. हिरवी जाळी बांधलीत तर स्लॅबपासून माणूसभर उंच बांधा, मध्ये वारा खेळला पाहिजे.

भिंतीसाठी राखेच्या विटा की एएसी ब्लॉक (हवेची छिद्रं असलेले हलके सिमेंटचे ठोकळे)? एसीच्या खोलीला ब्लॉक, कारण त्यातून उष्णता हळू आत येते. बाकी घराला राखेची वीट पुरते. कोराडी-खापरखेड्याच्या वीज केंद्रांची राख भिंतीत आणि तिथलीच वीज एसीत, असा आमचा संसार.

दक्षिणेची खिडकी टाळू नका. उन्हाळ्यात साधा छज्जा ती झाकतो, आणि डिसेंबरात सूर्य दुपारीही पंचेचाळीस अंशांवरच असतो, तेव्हा ऊन थेट आत येतं. २९ डिसेंबर २०१८ ला इथे पारा ३.५ पर्यंत उतरला होता. तेव्हा ना कूलर लागतो ना एसी, लागते ती ही खिडकी. पश्चिमेला मात्र जिना, न्हाणी, कपाटं, काहीही ठेवा; झोपायची खोली नको.

भाच्याला मी हॉल आणि स्वयंपाकघर कूलरचं, आणि एकच लहान बेडरूम एसीची असं सुचवलं. तयार फ्लॅट घेणाऱ्याला मी एवढंच म्हणेन की वरचा मजला स्वस्तात मिळतोय म्हणून हुरळू नका, आणि बघायला जायचंच तर मेमध्ये संध्याकाळी सातला जाऊन छताला हात लावून या.

त्याचा नकाशा आता परत इंजिनिअरकडे गेलाय. जिना पश्चिमेला सरकला, हॉलला पल्ल्याच्या खिडक्या आल्या. टनाचं अजून ठरायचं आहे.