कीनन की आयपीसीएल? कंपनीच्या दोन क्रिकेट मैदानांतून एक निवडताना

मार्च २००० मध्ये दक्षिण आफ्रिकेचा संघ भारतात वनडे मालिका खेळत होता. १२ तारखेला जमशेदपूरच्या कीनन स्टेडियमवर सौरव गांगुलीने नाबाद १०५ केल्या. मध्ये फरिदाबाद झालं आणि १७ तारखेला बडोद्याच्या आयपीसीएल मैदानावर सचिनने १२२ ठोकल्या. हे दोन्ही सामने आपण जिंकले. तिथून मालिका नागपूरला गेली आणि महिनाभरातच आफ्रिकेचा कर्णधार क्रोनिएचं मॅच-फिक्सिंगचं प्रकरण असं उसळलं की धावा कुणी कुठे केल्या हे विचारायला कुणी उरलं नाही. पाच दिवसांच्या अंतराने झालेले ते दोन सामने कंपन्यांच्या मालकीच्या मैदानांवर झाले होते, एक पोलाद कंपनीच्या आणि एक पेट्रोकेमिकल कंपनीच्या.

भारतीय पुरुष संघ आता दोन्हीकडे फिरकत नाही. कीननवर तो शेवटचा वनडे खेळला १२ एप्रिल २००६ ला आणि बडोद्याच्या त्या मैदानावर ४ डिसेंबर २०१० ला. तरीही जुनी मैदानं बघायची आवड असणारे लोक आहेत (मी त्यांतलाच), आणि हिवाळ्यात चार दिवस हाताशी असले की प्रश्न पडतो: जमशेदपूर की बडोदा? एकाच सहलीत दोन्ही होणं कठीण, कारण ही गावं देशाच्या दोन टोकांना आहेत. तेव्हा ही तुलना.

मालक कोण, यावरून बरंच कळतं

कीनन १९३९ सालचं. नाव जॉन लॉरेन्स कीनन या अमेरिकन माणसाचं, जो तेव्हाच्या टिस्कोचा, म्हणजे आजच्या टाटा स्टीलचा, जनरल मॅनेजर होता. मैदान तेव्हाही कंपनीचं होतं, आजही तिचंच आहे. जमशेदपुरात ही गोष्ट वेगळी सांगावी लागत नाही, कारण तिथे गावच कंपनीने वसवलेलं. १९०७ मध्ये कंपनी निघाली, १९१२ मध्ये पहिलं पोलाद ओतलं गेलं आणि १९१९ मध्ये साकची या खेड्याचं नाव जमशेदपूर झालं. पाणी, रस्ते, दिवे या गोष्टी इतर शहरांत नगरपालिका बघते, इथे कंपनी बघत आली. मैदान त्याच मालिकेतलं. बिष्टुपूरच्या बाजूला, भर गावात, लोकांच्या येण्याजाण्याच्या वाटेवर.

एक गोष्ट इथे सांगितल्याशिवाय राहवत नाही. जमशेदजी टाटांच्या डोक्यात पोलादाचं वेड शिरलं ते १८८२ च्या एका अहवालामुळे, आणि तो अहवाल होता आपल्या चांदा जिल्ह्यातल्या, म्हणजे चंद्रपूरकडच्या, लोहखनिजावर. जवळच्या वरोऱ्याचा कोळसा कामाचा निघाला नाही म्हणून गाडं पुढे सरकलं. तो निघाला असता तर कीनन स्टेडियम विदर्भात असतं आणि हा लेख लिहायची वेळच आली नसती.

बडोद्याचं प्रकरण उलटं आहे. तिथे क्रिकेट आधी आलं, कंपनी फार नंतर. इंडियन पेट्रोकेमिकल्स, म्हणजे आयपीसीएल, ही १९६९ मध्ये स्थापन झालेली केंद्र सरकारची कंपनी. मैदान तिच्या क्रीडासंकुलाचा भाग, शहराच्या कडेला, वसाहतीच्या बाजूला. २००२ मध्ये सरकारने २६ टक्के हिस्सा रिलायन्सला विकला, २००७ मध्ये आयपीसीएल रिलायन्समध्ये विलीन झाली आणि मैदानाला लोक रिलायन्स स्टेडियम म्हणू लागले. त्यामुळे जुनी धावपत्रकं चाळताना गोंधळू नका. आयपीसीएल आणि रिलायन्स ही दोन मैदानं नव्हेत. मालक बदलला, माती तीच राहिली.

हा फरक मैदानाशी उभं राहिलं की अंगावर येतो. कीनन गावाच्या वहिवाटीतलं आहे, आयपीसीएल कंपनीच्या आवारातलं. आवार म्हटलं की फाटक आलं, फाटकाशी वही आली आणि 'कुणाला भेटायचंय?' हा प्रश्न आला. सामना नसताना मैदानात डोकावायचं असेल तर दोन्हीकडे आधी विचारून जाणं शहाणपणाचं, बडोद्याला जास्तच.

इतिहास: इथे कीनन पुढे, पण जखमांसकट

पुरुषांची कसोटी दोन्ही मैदानांच्या नशिबात आली नाही. वनडेंवरच दोघांची कीर्ती, आणि त्यात कीननचा स्वभाव विचित्र. हे मैदान पाहुण्यांना लाभतं. ७ डिसेंबर १९८३ ला, म्हणजे आपण विश्वचषक जिंकल्याला सहा महिनेही झाले नव्हते तेव्हा, वेस्ट इंडीजने इथे ४५ षटकांत ८ बाद ३३३ केल्या. ग्रीनिज ११५, रिचर्ड्स १४९. लॉर्ड्सवर आपल्याकडून अंतिम सामना हरल्याचा राग इथे निघाला, असं तेव्हाची माणसं अजून म्हणतात. १९८७ मध्ये पाकिस्तान जिंकलं, १९९३ मध्ये इंग्लंड. २००२ मध्ये वेस्ट इंडीजने शेवटच्या चेंडूवर सामना नेला, सारवानने चौकार मारला. त्या दिवशी प्रेक्षकांनी घातलेला गोंधळही इतिहासात जमा आहे. २००५ मध्ये पाकिस्तानने १०६ धावांनी हरवलं, नावेद-उल-हसनने २७ धावांत ६ घेतले. २००६ मध्ये धोनी ९६ वर बाद झाला आणि इंग्लंडने सामना काढला. गांगुलीचं ते २००० सालचं शतक या सगळ्यात एखाद्या उसन्या आनंदासारखं वाटतं.

धोनीचं आणि कीननचं नातं मात्र त्या ९६ च्याही आधीचं. जानेवारी २००० मध्ये बिहारकडून आसामविरुद्ध त्याने रणजी पदार्पण केलं ते जमशेदपुरातच. दुसऱ्या डावात नाबाद ६८. तेव्हा झारखंड राज्यही नव्हतं, ते झालं त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात.

माझ्या मते कीननची सर्वांत मोठी गोष्ट यांपैकी कुठलीच नाही. नोव्हेंबर १९९५ मध्ये इथे भारत आणि इंग्लंडच्या महिलांची कसोटी झाली. नीतू डेव्हिड या डावखुऱ्या फिरकी गोलंदाजाने एका डावात ५३ धावांत ८ बळी घेतले. महिला कसोटीतली ती एका डावातली सर्वोत्तम कामगिरी. आणि भारत तो सामना २ धावांनी हरला! त्याआधी १९७८ च्या महिला विश्वचषकाच्या मोजक्या मैदानांतही कीनन होतंच. महिला क्रिकेटला मैदान द्यायला जेव्हा फारसं कुणी पुढे येत नव्हतं, तेव्हा पोलाद कंपनीच्या गावात ते होत होतं. फक्त या एका गोष्टीसाठी मी तिथली एखादी रिकामी पायरी बघून बसायला तयार आहे.

आयपीसीएलचा इतिहास छोटा आणि गोड. सचिनला हे मैदान मानवलं. १९९४ मध्ये न्यूझीलंडविरुद्ध ११५ (त्याचं वनडेतलं दुसरंच शतक), २००० मध्ये १२२, आणि ३१ जानेवारी २००७ ला वेस्ट इंडीजविरुद्ध नाबाद १००. एकाच छोट्या मैदानावर तीन शतकं! कडू घोटही आहेत. २००७ मध्येच ऑस्ट्रेलियाने १४८ वर गुंडाळलं, मिचेल जॉन्सनने ५ घेतले. २००९ मध्ये हरभजनने ४९ आणि प्रवीणकुमारने नाबाद ४० करून हरलेला सामना जवळजवळ ओढून आणला आणि ४ धावांनी गमावला. २०१० मध्ये कर्णधार गंभीरने नाबाद १२६ करत शेवट गोड केला. नंतर महिला संघ इथे खेळला: २०१८ मध्ये ऑस्ट्रेलियाशी, जिथे सांगलीच्या स्मृती मानधनाने दोन अर्धशतकं केली, आणि २०१९ मध्ये दक्षिण आफ्रिकेशी, जी मालिका भारताने ३-० जिंकली.

सोयी: दोन्हीकडे भाबड्या अपेक्षा नकोत

प्रेक्षकक्षमता दोन्हीची वीस हजारांच्या आतबाहेर. ज्यांनी डी. वाय. पाटील किंवा गहुंजे पाहिलंय त्यांना ही मैदानं घरगुती वाटतील. ही मैदानं मुळात कामगारांच्या आणि कर्मचाऱ्यांच्या खेळासाठी, मोठा सामना हा तिथला सण. म्हणून मैदान, खेळपट्टी, हिरवळ यांकडे कंपनी मनापासून लक्ष देते, पण प्रक्षेपणाची व्यवस्था, कॉर्पोरेट बॉक्स, हजारो मोटारींचं पार्किंग यांवर ओतायला तिला कारण उरत नाही. त्यातून फायदा कंपनीला नसतो. सामना मिळतो तिथल्या क्रिकेट संघटनेला, जागा असते कंपनीची. घर एकाचं, लग्न दुसऱ्याचं. मांडवाचा खर्च कुणी करायचा यावर असं किती दिवस निभणार?

निभलं नाहीच. दोन्ही संघटनांनी आपापलं घर बांधलं. झारखंडने रांचीत, जिथे जानेवारी २०१३ मध्ये पहिला वनडे झाला आणि २०१७ मध्ये कसोटीही आली. बडोद्याने हालोल रस्त्यावर कोटंबीला, जिथे डिसेंबर २०२४ मध्ये महिलांचे वनडे झाले, मग डब्ल्यूपीएल, म्हणजे महिलांची प्रीमियर लीग, आली, आणि ११ जानेवारी २०२६ चा न्यूझीलंडविरुद्धचा पुरुषांचा वनडेही त्याच मैदानाला दिला गेला. म्हणजे मोठा सामना बघायचा असेल तर हा लेख तुमच्यासाठी नाही. सरळ रांची किंवा कोटंबी गाठा.

मैदानापलीकडच्या सोयी पाहिल्या तर जमशेदपूर बाजी मारतं, आणि फरक मोठा आहे. कीननपासून जवळच जेआरडी टाटा क्रीडासंकुल आहे, १९९१ चं. तिथे धावपट्टी, पोहण्याचा तलाव, आणि जमशेदपूर एफसी या फुटबॉल संघाचे आयएसएल, म्हणजे इंडियन सुपर लीगचे, सामने. १९८७ ची टाटा फुटबॉल अकादमी, १९९६ ची तिरंदाजी अकादमी, एव्हरेस्टवीर बचेंद्री पालांनी उभं केलेलं गिर्यारोहणाचं काम, सगळं एकाच गावात. मूल खेळात असेल तर त्याला हे गाव दाखवायला न्यावंच. कारखाना चालवणारी माणसं खेळाकडे पगाराच्या जोडीचा हक्क म्हणून बघतात तेव्हा गाव कसं दिसतं, ते इथे दिसतं. बडोद्याच्या कंपनी मैदानाभोवती असं काही नाही.

पण बडोद्याला स्वतःचं असं काही आहे

इथे तुलना जरा तिरकी होते. आयपीसीएल एकटं ठेवलं तर ते कीननपुढे फिकं. पण आयपीसीएल बघायला गेलेला माणूस बडोद्यात उतरतो, आणि बडोद्यातलं क्रिकेट कंपनीच्या आवारात मावत नाही. लक्ष्मीविलास राजवाड्याच्या आवारातलं मोतीबाग आहे, जिथे १९८८ मध्ये अझरुद्दीनने ६२ चेंडूंत शतक करून तेव्हाचा वनडेतला वेगाचा विक्रम केला. मालक गायकवाड. नाशिक जिल्ह्यातल्या कवळाण्याहून दत्तक आलेल्या सयाजीरावांचं हे घराणं, आणि त्यांच्या आश्रयाने इथे आलेली मराठी माणसं पुढे क्रिकेटमध्येही दिसतात. सांगलीचे विजय हजारे इथलेच झाले. १९४७ च्या रणजी अंतिम सामन्यात होळकर संघाविरुद्ध त्यांनी आणि गुल महंमदने चौथ्या गड्यासाठी ५७७ धावा जोडल्या, हजारे २८८, गुल ३१९. चौथ्या गड्याचा तो प्रथम श्रेणीतला विक्रम अजून तसाच आहे. चंदू बोर्डे पुण्याहून आले, झहीर खान श्रीरामपूरहून.

शिवाय कंपनीचं मैदान बडोद्यात एकच नाही. १९०७ मध्ये, म्हणजे टाटांची पोलाद कंपनी निघाली त्याच वर्षी, बडोद्यात अलेम्बिक ही औषधकंपनी सुरू झाली. तिच्या मैदानावर ऑक्टोबर २०१३ मध्ये पश्चिम विभागाच्या १९ वर्षांखालील स्पर्धेत महाराष्ट्राची एक मुलगी गुजरातविरुद्ध १५० चेंडूंत नाबाद २२४ करून गेली. एकदिवसीय सामन्यात द्विशतक करणारी ती पहिली भारतीय महिला. तीच सांगलीची स्मृती. मराठी वाचकाला मैदानाचं दर्शनच घ्यायचं असेल तर मी आयपीसीएलआधी अलेम्बिकच्या कुंपणाशी उभा राहीन.

मग जायचं कुठे

खिसा आणि वेळ बघितली तर प्रश्नच नाही. मुंबईहून बडोदा चारशे किलोमीटरच्या आत, सकाळच्या गाडीने जेवायच्या वेळेला पोहोचाल. जमशेदपूरला मुंबईहून गीतांजली किंवा पुण्याहून आझाद हिंद, टाटानगर स्टेशन, आणि प्रवास एका दिवसाहून मोठा. नागपूरकरांना मात्र याच गाड्या वाटेवरच्या, त्यांनी खुशाल कीनन निवडावं.

अंतर सोडून बोलायचं तर: 'कंपनीचं मैदान' ही चीज काय असते हे समजून घ्यायला जात असाल, तर त्रास काढून जमशेदपूरला जा. तिथे मैदान, अकादमी, कामगारांची वस्ती आणि कारखाना एकाच गोष्टीचे भाग आहेत. तिथून रांची साधारण १३० किलोमीटर, म्हणजे वारस मैदानही बघून होतं. निव्वळ क्रिकेटच्या ओढीने जात असाल तर बडोदा, आणि त्यातही आयपीसीएलला अर्धी सकाळ पुरे, उरलेला वेळ मोतीबाग आणि राजवाड्याला. घरच्यांना सोबत न्यायचं असेल तर बडोद्याचं पारडं आणखी जड होतं. राजवाड्यासाठी तयार होणारी माणसं जुन्या खेळपट्टीसाठी सव्वीस तास गाडीत बसत नाहीत, हा घरोघरचा अनुभव.

तिकीट काढण्याआधी देशांतर्गत वेळापत्रक नीट वाचा. रणजीचा हंगाम साधारण ऑक्टोबर ते फेब्रुवारी. 'जमशेदपूर' छापलं असेल तर बहुतेक कीननच. 'बडोदा' छापलं असेल तर मैदानाचं नावही बघून घ्या. ऑक्टोबर २०२४ मध्ये बडोद्याने गतविजेत्या मुंबईला ८४ धावांनी हरवलं तो सामना कोटंबीला झाला होता, आणि कोटंबीहून आयपीसीएल गाठायचं तर अख्खं शहर ओलांडावं लागतं.