फाउंटन : मराठी स्क्रिप्ट लिहायला आणि दुरुस्त करायला कितपत कामाचं?

बेळगाव, खानापूर, निपाणी भागात शॉर्टफिल्म करणाऱ्यांची संख्या वाढली आहे, पण बहुतेकांची स्क्रिप्ट अजून वर्डच्या फाइलमध्ये नाहीतर वहीत असते. पहिला ड्राफ्ट तसा लिहिला तर काही बिघडत नाही. गोंधळ सुरू होतो तिसऱ्या-चौथ्या ड्राफ्टला. दिग्दर्शकानं दोन सीन काढलेले असतात, नटानं आपले संवाद बदललेले असतात आणि ‘फायनल’, ‘फायनल नवीन’, ‘फायनल खरी’ अशा तीन फायली व्हॉट्सॲपवर फिरत असतात. कुठली खरी, हे शूटिंगच्या सकाळी कळतं.

फाउंटन नेमकं या दुखण्यावर आहे. हे सॉफ्टवेअर नव्हे. साध्या मजकुराची फाइल कशी लिहायची याचे थोडे नियम आहेत. ते पाळले की फाउंटन समजणारं कुठलंही ॲप त्या मजकुराची रीतसर पटकथा मांडून देतं. पैसे लागत नाहीत. आमचं मत आधीच सांगतो: लिहायला चांगलं, दुसऱ्याची स्क्रिप्ट दुरुस्त करायला फारच चांगलं, देवनागरीत छापायला मात्र डोकेदुखी.

हे कुणी केलं, ते कळलं की यातल्या बऱ्याच गोष्टी अशा का आहेत ते उलगडतं. २०१२ साली फाउंटन बाहेर आलं. त्यामागे जॉन ऑगस्ट, स्टू माश्विट्झ आणि निमा युसेफी ही तीन माणसं. ऑगस्ट हा हॉलिवूडचा चालता पटकथालेखक. ‘गो’ (१९९९) हा त्याचा पडद्यावर आलेला पहिला सिनेमा, पुढं ‘चार्लीज एंजल्स’ आणि ‘बिग फिश’. तिथल्या लेखकाच्या पोटापाण्याचा मोठा भाग म्हणजे दुसऱ्याच्या स्क्रिप्टवर काम करणं. शूटिंग तोंडावर आलेलं असतं, शेवट जमत नसतो, एखाद्या पात्राचे संवाद पडत असतात. मग आठवड्याच्या बोलीवर लेखक आणतात. यालाच स्क्रिप्ट डॉक्टर म्हणतात. पडद्यावर त्याचं नाव बहुतेक वेळा येतच नाही. ‘द गॉडफादर’मधला बागेतला बापलेकाचा सीन रॉबर्ट टाउन या पटकथालेखकानं लिहिला, पण श्रेयनामावलीत तो नाही, दिग्दर्शक कोपोलानं ऑस्कर घेताना त्याचे आभार मानले तेवढेच. तिथल्या लेखक संघटनेचा नियमच कडक आहे: मूळ पटकथा दुसऱ्याची असेल, तर मागून आलेल्या लेखकाचा अंतिम स्क्रिप्टमध्ये निम्मा वाटा असावा लागतो, तेव्हा कुठं त्याला श्रेय मिळतं. कादंबरीवरून वगैरे केलेली पटकथा असेल तर ३३ टक्क्यांहून जास्त. एकेका फाइलवर असे चार-पाच हात फिरणार असतील, तर ती फाइल कुठल्याही कॉम्प्युटरवर उघडली पाहिजे आणि कुणी काय बदललं ते दिसलं पाहिजे. फाउंटन साध्या मजकुरात ठेवण्यामागं हाच व्यवहार आहे.

आता मराठीत लिहिताना काय होतं ते. फाउंटन इंग्रजीत जवळजवळ अदृश्य असतं. पात्राचं नाव कॅपिटल अक्षरांत लिहिलं की ॲप ओळखतं: हे नाव, खालचा संवाद. देवनागरीत कॅपिटल नाहीच. त्यामुळं नुसतं नाव लिहिलं तर ॲप ते वर्णन समजतं आणि सगळे संवाद कागदाच्या डाव्या कडेला जाऊन बसतात. मराठीत फाउंटन ‘चालत नाही’ म्हणणाऱ्यांची अडचण बहुतेक वेळा एवढीच असते. उपाय नियमांतच आहे. नावाआधी @ आणि सीनच्या ओळीआधी एक टिंब:

.आत. पिठाची गिरण – सकाळ

गिरण चालू. यल्लव्वा डबा खाली ठेवते.

@यल्लव्वा
बर्री, कुंद्री म्हणायला कोण हाय का न्हाई हितं?

@मालक
(पट्टा न थांबवता)
आलो की वं. काय करायलीस एवढ्या सकाळी?

सीनच्या ओळीच्या वर-खाली एकेक ओळ मोकळी. नावाच्या वर एक मोकळी, पण नाव आणि संवाद यांच्यामध्ये ओळ सोडायची नाही. सोडली की संवाद पुन्हा वर्णन होतो. लांब संवादात मध्येच मोकळी ओळ हवीच असेल, तर त्या ओळीत दोन स्पेस द्या. सूचना कंसात, स्वतंत्र ओळीवर. ‘कट टू’सारख्या बदलाच्या ओळीआधी > हे चिन्ह. सीनचा नंबर ओळीच्या शेवटी दोन # चिन्हांच्या मध्ये येतो, आणि तो अंक इंग्रजीच ठेवा. देवनागरी अंक सगळीच ॲप्स धरतील असं गृहीत धरू नका. पहिल्या पानावरची टायटल, ऑथर, ड्राफ्ट डेट ही लेबलंही इंग्रजी अक्षरांतच लागतात, पुढचा मजकूर मराठीत चालतो.

कटकट आहे ती कीबोर्डची. इन्स्क्रिप्टवर, म्हणजे भारतीय भाषांच्या प्रमाण कीबोर्डवर, शिफ्ट-दोन दाबलं की अर्धचंद्र (ॅ) येतो, @ नव्हे. शिफ्ट-तीनवर # नसून रकार. म्हणजे प्रत्येक नावाला भाषा बदला, चिन्ह टाका, परत या. एवढं कोण करणार? सोपी वाट अशी: लिहिताना नावाऐवजी मजकुरात कुठंच न येणारी खूण टाका, ‘यय’, ‘ममम’ अशी काहीही, आणि बैठक संपली की फाइंड-रिप्लेसनं सगळीकडं @यल्लव्वा, @मालक करून घ्या. मोबाइलवर जीबोर्डला (गूगलचा कीबोर्ड) चिन्हांच्या पानावर @ मिळतो, तिथं हा त्रास नाही. उलट बस स्टँडवर बसून मोबाइलच्या नोटपॅडमध्ये सीन लिहायचा आणि घरी कॉम्प्युटरवर तीच फाइल पुढं चालवायची, हे फाउंटनइतकं सुखानं दुसऱ्या कशात होत नाही.

सीमाभागातल्या स्क्रिप्टला आणखी एक गरज असते. एकाच सीनमध्ये मराठी आणि कन्नड. फाइल यूटीएफ-८ मध्ये (युनिकोड मजकूर साठवायची पद्धत) सेव्ह केलेली असली की दोन्ही लिप्या शेजारी बसतात, अडचण नाही. तरी कन्नड संवाद कन्नड लिपीत लिहावेत की देवनागरीत, हे नट बघून ठरवा. बेळगावातल्या वडगाव-शहापूरकडचा नट कन्नड फाडफाड बोलेल, पण वाचायला अडखळेल. धारवाडहून आलेल्याचं उलट. देवनागरीत लिहिलंत तर अर्थ शेजारी [[ ]] अशा दुहेरी चौकोनी कंसात द्या. तो मजकूर टीप म्हणून राहतो, छापताना वगळता येतो.

जुन्या नाटकांवरून फिल्म करणाऱ्यांनी सावध राहायचं ते टायपिंगपाशी. डीटीपीवाल्याकडून आलेली संहिता श्रीलिपीसारख्या जुन्या फॉन्टमध्ये असेल तर पेस्ट केल्यावर नुसती निरर्थक अक्षरं दिसतील. आधी कन्व्हर्टरनं युनिकोड करून घ्या आणि मग रफार, ऱ्य-ऱ्हची जोडाक्षरं, ऱ्हस्व वेलांटी एवढं डोळ्यांनी तपासा. चुका नेहमी तिथंच होतात. जुन्या विंडोजच्या नोटपॅडमध्ये ‘ॲन्सी’ म्हणून सेव्ह केलं तर सगळी देवनागरी प्रश्नचिन्हं होते, आणि ती परत येत नाही.

दुरुस्तीच्या कामात मात्र फाउंटन खरंच भावतं. समजा यात्रेत गाजलेल्या नाटकावरून पाऊण तासाची फिल्म करायची आहे आणि ती स्क्रिप्ट तुमच्याकडं तपासायला आली आहे. संवादाला हात लावण्याआधी प्रत्येक सीनखाली = चिन्ह देऊन एक ओळ लिहा: या सीनमध्ये कुणाला काय हवंय आणि सीन संपेपर्यंत काय बदललं. ही ओळ छापली जात नाही. # देऊन अंकांची, भागांची शीर्षकं टाका. आता ॲपच्या आराखड्यात फक्त या ओळी वाचत जा. ‘बदललं’ या भागात काही लिहिता आलं नाही असे सीन लगेच टोचतात. नाटकावरून आलेल्या स्क्रिप्टमध्ये ते बहुधा सुरुवातीच्या एक-तृतीयांश भागात असतात, कारण रंगमंचावर प्रेक्षक स्थिरावेपर्यंत माहिती दोनदा सांगावी लागते. कॅमेऱ्याला ती एकदाही पुष्कळ होते. दुसरी गोष्ट नुसत्या नजरेनं कळते: संवादाचा रकाना अरुंद असल्यानं लांब स्वगत कागदावर खांबासारखं उभं राहतं. वर्डमध्ये तेच पाच ओळींचं वाटलं असतं.

काढलेला सीन पुसू नका. त्याच्या आधी /* आणि नंतर */ द्या; फाइलमध्ये राहतो, छपाईत येत नाही. शेवटची खूण विसरलात तर तिथून पुढची सगळी स्क्रिप्ट गायब दिसेल, घाबरू नका, खूण शोधा. लेखकासाठीच्या शंका दुहेरी चौकोनी कंसात, आणि त्या प्रश्नाच्या रूपात लिहिलेल्या बऱ्या. मूळ लेखकाला ‘हे चुकलंय’ वाचायला आवडत नाही, हॉलिवूडमध्येही नाही नि बेळगावजवळच्या हलग्यातही नाही. प्रत्येक ड्राफ्ट तारखेसह वेगळ्या नावानं ठेवा आणि दोन ड्राफ्ट विनमर्जसारख्या मोफत प्रोग्राममध्ये शेजारी उघडा. बदललेली प्रत्येक ओळ रंगवून मिळते. पुढं मानधनाचा किंवा श्रेयाचा वाद निघाला तर तुमचं काम किती, याचा तो सरळ पुरावा.

आता छपाई. फाउंटनच्या जगात ‘कुरियर प्राइम’ फॉन्ट चालतो आणि त्यात देवनागरी अक्षरंच नाहीत. फक्त तोच फॉन्ट घालून पीडीएफ करणाऱ्या ॲपमधून मराठीच्या जागी चौकोन येतात. विंडोजवर व्हीएस कोड या मोफत एडिटरमध्ये ‘बेटर फाउंटन’ हे मोफत एक्स्टेन्शन लिहायला छान आहे; छापायला त्यातून एचटीएमएल काढा आणि ब्राउझरमधून पीडीएफ करा, ब्राउझर देवनागरी फॉन्ट स्वतः शोधतो. मॅकवर ‘बीट’ हे फाउंटनचं ॲप मोफत आहे. कुठल्याही वाटेनं गेलात तरी नोटो किंवा मुक्ता फॉन्ट १२ पॉइंटात आणि ओळींमधलं अंतर सव्वापट ते दीडपट ठेवा, नाहीतर वरच्या ओळीचे उकार खालच्या मात्रांवर चढतात.

यामुळं ‘एक पान म्हणजे एक मिनिट’ हा हिशेब मराठीत सोडून द्यावा लागतो. तो हिशेब कुरियरच्या १२ पॉइंटावर बेतलेला, जिथं प्रत्येक अक्षर इंचाचा दहावा भाग घेतं, आणि अमेरिकन लेटर कागदावर. आपला कागद ए-फोर, अक्षरं कमी-जास्त रुंदीची, ओळी कमी. स्टॉपवॉच लावून मोठ्यानं वाचा आणि बिनसंवादाच्या कृतींना वेगळा वेळ धरा.

फायनल ड्राफ्टशी तुलना होणारच. तो अडीचशे डॉलरच्या घरातला, हॉलिवूडचा रुळलेला प्रोग्राम. युनिकोड त्यात २०१८ च्या अकराव्या आवृत्तीपासून आलं. त्याचं खरं बळ शूटिंग सुरू झाल्यावर दिसतं. पानं कुलूपबंद करायची, ४७ नंतर नवं पान आलं तर ते ४७-ए, बदललेली पानं ठरलेल्या क्रमानं रंगीत कागदावर: पांढरा, निळा, गुलाबी, पिवळा, हिरवा. फाउंटनच्या फाइलमध्ये ‘पान’ ही गोष्टच नसते, त्यामुळं हे तिच्या मूळ नियमांत बसत नाही. बारा-पंधरा जणांच्या युनिटला त्यानं अडत नाही. सीनचे नंबर पक्के करून टाका, मधे नवा आला तर २३-ए करा, काढलेल्याचा नंबर दुसऱ्याला देऊ नका. मुंबई-पुण्याच्या निर्मात्यानं फायनल ड्राफ्टचीच फाइल मागितली तर बीट किंवा हायलँड या फाउंटनच्याच दुसऱ्या ॲपमधून एफडीएक्स, म्हणजे फायनल ड्राफ्टच्या प्रकारची फाइल, काढून देता येते. पाठवण्याआधी ती दुसऱ्या मशीनवर उघडून सीनची संख्या मोजा, नावांपुढचे @ गेले का पाहा आणि कन्नड संवाद एकदा वाचून घ्या.