चिंकापिन म्हणून दिलं भलतंच झाड, तरी दोन स्टार देतोय

नर्सरी बेळगाव-खानापूर पट्ट्यातली, नाव मुद्दाम घेत नाही कारण हा घोळ त्या एकट्याचा नाही, आपल्याकडे चेस्टनट (काटेरी बोंडातल्या बिया भाजून खातात ते झाड) म्हटलं की जो तो मला आलं तेच रोप पुढं करतो. व्हॉट्सअॅपवर कॅटलॉग आला होता, त्यात "चिंकापिन, बुटकं चेस्टनट" असं ठळक लिहिलेलं, रोप ३५० रुपये आणि बियांचं पाकीट वेगळं १२० ला.

पॅकिंग एक नंबर, खोडाला काठी बांधलेली, माती ओली. पण पान बघितलं आणि डोकंच फिरलं, एका देठाला पाच-सात पानांचा पंजा, आपल्या सावरीचा असतो तसा. हे मलबार चेस्टनट हो, म्हणजे पॅकिरा, मूळचं अमेरिकेच्या उष्ण भागातलं आणि सावरीच्याच कुळातलं. चेस्टनटशी त्याचं दूरचंही नातं नाही, फक्त बिया भाजून खातात म्हणून नाव चिकटलंय. फोन केला तर म्हणतो, "तेच की ओ हे, सगळे चेस्टनटच म्हणूलालेत."

खरं चिंकापिन अमेरिकेच्या आग्नेय भागातलं, पेनसिल्व्हेनियाकडून खाली फ्लोरिडा-टेक्सासपर्यंत. झुडूप किंवा लहानसं झाड, पान एकेकटं, लांबट, कडा करवती, आणि उलटं केलं की खालून पांढुरकी लव. चेस्टनटच्या काटेरी बोंडात बहुतेक वेळा दोन-तीन बिया असतात, याच्यात एकच, छोटी, टोकदार, काळपट तपकिरी आणि चवीला गोड. चेस्टनट भाजला की आपल्या फणसाच्या आठळीसारखा पिठूळ लागतो, म्हणून तर मला हे झाड हवं होतं. दुसरं कारण म्हणजे १९०४ मध्ये न्यूयॉर्कला जो बुरशीचा रोग सापडला त्यानं तिकडचे अब्जावधी मोठे चेस्टनट मारले, चिंकापिनलाही तो लागतो पण हे बुंध्यातून परत फुटतं आणि कमी वयात फळाला येतं. चिवट झाडं आवडतात आपल्याला.

आता बियांचं पाकीट. हलवलं तर आत खडखडतंय. या जातीच्या बिया वाळल्या की मेल्या, त्या ओलसर भुशात, थंडीत ठेवाव्या लागतात, झाडाखाली पडल्या तर त्याच हंगामात मूळ सोडतात. प्लॅस्टिकमध्ये सुकवून विकणं म्हणजे १२० रुपयांचा खुळखुळा! आणि त्या तरी चिंकापिनच्याच होत्या का देव जाणे.

बरं खरं रोप मिळालं तर इथं येईल का, हेही सांगतो कारण बरेच जण विचारतात. याला आम्लधर्मी, निचऱ्याची जमीन लागते, म्हणजे खानापूर-जांबोटीकडची तांबडी माती चालावी, गोकाक-सौंदत्तीकडच्या काळ्या रानात नादच सोडा. फ्लोरिडात येतं म्हणजे उकाड्याला घाबरत नाही, पण आपला जुलैचा पाऊस वाईट, मुळाशी पाणी थांबलं की मूळकुज, त्यामुळं उतारावर किंवा उंच वाफ्यावरच लावायचं. आणि एकटं लावून फळाची वाट बघू नका, परागीकरणाला दोन तरी झाडं हवीत. सह्याद्रीच्या रानात या घराण्याचं एकही झाड नाही, मेघालय-आसामकडं मात्र याची चुलत भावंडं आहेत, म्हणजे देशात अगदीच परकं कुळ नव्हे.

घेणाऱ्यांनी एवढंच करा, पैसे टाकायच्या आधी पानाच्या मागच्या बाजूचा फोटो मागवा, पंजा दिसला तर फोन ठेवा.

पॅकिरा बिचारं छान वाढतंय, त्याच्यावर राग नाही, त्याला एक स्टार. पैसे परत द्यायला नर्सरीवाला तयार नव्हता, शेवटी बदल्यात वेंगुर्ला-४ काजूची दोन कलमं दिली, ती मात्र अस्सल निघाली, दुसरा स्टार त्यांचा.