पिसवांच्या नावाखाली विकले जाणारे थेंब

औषध विकणाऱ्याची युक्ती ठरलेली. पिंजऱ्याखाली पांढरा कागद धरायचा, बजी (छोटा पाळीव पोपट) मुठीत घेऊन त्याचे पंख दोनदा झटकायचे आणि पडलेले काळे कण दाखवून म्हणायचे, "बघा, पिसवा!" मग पिशवीतून लेबल नसलेली बाटली निघते. पावसाळ्यात व्हरांड्यातल्या पिंजऱ्यात पक्षी अंग टोचू लागला की गिऱ्हाईक आधीच घाबरलेले असते. पैसे लगेच निघतात.

ते कण बहुधा कांगणीची (पक्ष्याच्या दाण्यांची) टरफले किंवा वाळलेली शीट असते. ओल्या कापसावर चोळून बघा. तांबूस डाग उमटला, तरच रक्त पिणाऱ्या किड्याची शंका घ्या. पिसू चपटी, तपकिरी आणि उड्या मारणारी असते. कोंबड्यांच्या डोळ्यांभोवती चिकटलेली दिसते, पिंजऱ्यातल्या बजीवर क्वचितच. तिथे सापडतात त्या उवा किंवा तांबडी माइट, म्हणजे रक्त पिणारा बारीक कोळीवर्गीय जीव. उवा पिसाच्या दांडीवरून पळतात, अंडी पिसाच्या बुडाशी चिकटवतात. माइट जेमतेम 1 मिमी, दिवसा फटीत दडलेली. रात्री पिंजऱ्यावर पांढरा कपडा टाका, उजाडण्यापूर्वी टॉर्चने घड्या आणि बसायच्या दांडीची टोके तपासा. ठिपके चालताना दिसले, तर तीच. पीसगळतीत मात्र पक्षी रात्री शांत झोपतो आणि डोक्यावर नव्या पिसांचे काटे दिसतात.

खरा धोका बाटलीत आहे. पुष्कळदा ते गुरांना टोचायचे 1 टक्क्याचे आयव्हरमेक्टिन हे परजीवीनाशक असते, म्हणजे 1 मिलीत 10 मिग्रॅ. किलोमागे 0.2 मिग्रॅ या मात्रेने 35 ग्रॅमच्या बजीला 0.007 मिग्रॅ पुरते. एका थेंबात सुमारे 0.5 मिग्रॅ, म्हणजे 70 पट! पक्षी लुळा पडला की "पिसवांनी रक्त शोषलं" हे उत्तर तयारच.

शिवाय माइट पिंजऱ्यात राहते, म्हणून नुसत्या थेंबांनी ती परतते आणि दुसरी बाटली खपते. पक्षी दुसरीकडे हलवा, बांबूची दांडी आणि घरट्यातला काथ्या जाळा, रिकाम्या पिंजऱ्याच्या सांध्यांवर उकळते पाणी ओता. अंड्यांतून नवी पिढी आठवडाभरात तयार होते, म्हणून सात दिवसांनी हे सगळे पुन्हा करा. छपरात पारव्यांचे घरटे असेल तर तेही बघा.

चोचीवर बारीक भोकांचा पांढुरका थर असेल, तर ती वेगळी माइट. तिला पावडर लागू पडत नाही, पशुवैद्यच हवा.

औषधाचे नाव, टक्केवारी आणि पक्ष्याच्या वजनाप्रमाणे मात्रा कागदावर लिहून मागा. वजनकाटा न आणता आलेला माणूस इथेच विषय बदलतो.